नाडीपट्टी आणि मोडी कागद

गेलेला काळ वाचून दाखवणे हा तमिळनाडूत पिढीजात व्यवसाय आहे. नाडीज्योतिषाचे माहेर वैदीश्वरन कोविल, पण आम्हा वेस्ट मांबलमकरांनाही तो परका नाही. पुरुषाच्या उजव्या, स्त्रीच्या डाव्या अंगठ्याचा ठसा घेऊन ताडपत्रांची जुडी काढतात. एकेक पट्टी वाचत प्रश्न विचारतात. उत्तर फक्त ‘हो’ किंवा ‘नाही’. नकार आला की पट्टी बाजूला. शेवटी आईवडिलांची नावे निघतात आणि अगस्त्य ऋषींनी आपल्याला आधीच लिहून ठेवले होते, असे वाटते. माझ्या मते ती नावे आपल्याच होकार-नकारांतून गोळा झालेली असतात.

आम्हा तंजावरी मराठी मंडळींचा लिहिलेला भूतकाळ मात्र शाबूत आहे. दुसऱ्या सरफोजीराजांनी १८०३ साली भोसले वंशाचा इतिहास बृहदीश्वराच्या भिंतीवर मराठीत कोरवून घेतला. सरस्वती महालात मोडी कागदांचे गठ्ठे आहेत. तिथे होकार देऊन भागत नाही. अक्षर लागावे लागते.

पूर्वजांचे नाव ऐकायला आमचे लोक नाडीवाल्याकडे जातात. ते नाव ज्या कागदात सापडू शकेल, तो वाचणारे माणूस घरात उरलेले नाही.