पिंपरीचं पेनिसिलिन आणि अडचणीतला एक देश

२०२२ च्या एप्रिलमध्ये श्रीलंकेने जाहीर केलं की परदेशी कर्जाचे हप्ते आता भरता येणार नाहीत. त्याआधी मार्चमध्येच पेराडेनियाच्या हॉस्पिटलला औषधं नाहीत म्हणून ठरलेली ऑपरेशन्स थांबवावी लागली होती. जुलैत तर राष्ट्राध्यक्षच देश सोडून पळाले. भारताने त्या वर्षी साधारण ४ अब्ज डॉलरची मदत केली: पेट्रोलसाठी, धान्यासाठी, औषधांसाठी उधारी वगैरे. चाकणला जाणाऱ्या कंपनीच्या बसमध्ये तेव्हा या विषयावर भरपूर चर्चा व्हायची आणि तिचा सूर ठरलेला असायचा. "यांना सारखं कुणीतरी द्यायला लागतं!"

गंमत अशी की ती बस रोज ज्या पिंपरीतून सुटते, ती पिंपरी अशाच एका 'द्यायला लागणाऱ्या' देशाच्या कहाणीतून उभी राहिली आहे. तो देश म्हणजे आपणच.

पिंपरीत वाढलेल्या माणसाला दोन शब्द समजावून सांगावे लागत नाहीत, 'कॅम्प' आणि 'एचए'. बाहेरच्या मंडळींसाठी सांगतो. कॅम्प म्हणजे फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या निर्वासितांची वसाहत, आज तिथे मोठी बाजारपेठ आहे. एचए म्हणजे हिंदुस्तान अँटिबायोटिक्स, सरकारी पेनिसिलिनचा कारखाना. दोन्हीत अंतर फार नाही. पण या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध असेल असं मला कितीतरी वर्षं सुचलं नव्हतं. सवयीच्या गोष्टींचं असंच होतं, नाही का?

जरा १९४७ ते ५१ या वर्षांकडे बघू. १९५१ च्या जनगणनेत देशाची लोकसंख्या भरली ३६ कोटी, त्यात ७३ लाखांच्या आसपास विस्थापित. लिहिता-वाचता येणारे शंभरात १८. सरासरी आयुर्मान बत्तीसच्या आसपास. शेजारी नवा देश आणि त्याच्याशी जवळपास प्रत्येक गोष्टीवरून वाद. काश्मीर तर होतंच. एप्रिल १९४८ मध्ये पूर्व पंजाबने पाकिस्तानात जाणाऱ्या कालव्यांचं पाणी काही काळ तोडलं. त्याआधी जानेवारीत पाकिस्तानच्या वाट्याचे ५५ कोटी रुपये द्यायचे की नाहीत यावरून काय झालं ते आपल्याकडे सगळ्यांना माहीत असतं.

पण मला जास्त बोलकं वाटतं ते रुपयाचं प्रकरण. सप्टेंबर १९४९ मध्ये ब्रिटनने पौंडाचं अवमूल्यन केलं, पाठोपाठ भारताने रुपयाचं केलं. ३० टक्क्यांहून जास्त. पाकिस्तानने मात्र केलं नाही. कालपर्यंत एकास एक असणारे दोन रुपये वेगळे झाले, पाकिस्तानच्या १०० रुपयांना आपले १४४. भारताने हा दर मान्य करायला नकार दिला आणि व्यापार जवळजवळ बंद पडला. आता बघा, ताग पिकत होता पूर्व बंगालमध्ये आणि तागाच्या गिरण्या होत्या कलकत्त्याला. लांब धाग्याचा चांगला कापूस सिंध आणि पश्चिम पंजाबात, कापडगिरण्या मुंबई-अहमदाबादला. नकाशावर एक रेघ मारली की शेत एका देशात आणि गिरणी दुसऱ्यात, हे फाळणीच्या वेळीच झालं होतं. त्यावर दराचं कुलूप बसलं. शेवटी फेब्रुवारी १९५१ मध्ये भारताने पाकिस्तानचा दर मान्य केला. दीड वर्षाच्या हट्टाचा फायदा कुणाला झाला, हे मला तरी समजलेलं नाही. दोघांचंही नुकसान झालं, एवढं नक्की.

त्यातच धान्याचा तुटवडा. १९५१ साली अमेरिकेकडून २० लाख टन धान्यासाठी १९ कोटी डॉलरचं कर्ज घ्यावं लागलं. हे कर्ज सहज मिळालं नाही. कोरियाचं युद्ध चालू होतं, नेहरू अमेरिकेच्या बाजूने बोलत नव्हते, आणि अमेरिकन काँग्रेसमध्ये महिनोन् महिने घोळ चालला. काहींना धान्याच्या बदल्यात मॅंगनीज आणि मोनाझाइट हवं होतं. मोनाझाइट म्हणजे केरळच्या किनाऱ्यावरची ती वाळू, जिच्यात थोरियम असतं. इकडे लोक अर्धपोटी आणि तिकडे चर्चा अणुशक्तीच्या खनिजाची. त्याच वर्षी चीन आणि रशियाकडूनही धान्य आलं. उपाशी देशाचं परराष्ट्र धोरण कसं असतं, हे समजून घ्यायला एवढं एक वर्ष पुरेसं आहे.

आणि औषधं? पेनिसिलिन तेव्हा जादूच होती. न्यूमोनिया, जखमा, बाळंतपणातला ताप... पण ते बाहेरून आणायचं आणि त्यासाठी डॉलर मोजायचे. डॉलरच नव्हते.

इथे एका माणसाचं नाव घ्यायलाच हवं. मेजर जनरल साहिबसिंग सोखी. मुंबईच्या हाफकिन संस्थेचे पहिले भारतीय संचालक, पुढे जागतिक आरोग्य संघटनेत सहाय्यक महासंचालक. औषधं देशातच बनली पाहिजेत आणि बनवायची विद्याही आपल्या हातात पाहिजे, हा त्यांचा आग्रह. नुसता कारखाना आणून उपयोग नाही, कारण विद्या दुसऱ्याच्या तिजोरीत राहिली तर आपण पुन्हा गिऱ्हाईकच. परदेशी कंपन्यांशीही सरकारची बोलणी झाली होती. पण अखेर १९५१ मध्ये करार झाला तो युनिसेफ आणि जागतिक आरोग्य संघटनेशी. युनिसेफने साडेआठ लाख डॉलरची यंत्रसामग्री द्यायची, आरोग्य संघटनेने साडेतीन लाख डॉलरचं तांत्रिक साहाय्य. जमीन, इमारती, बाकी खर्च आपला.

या मदतीला अटी होत्याच. बिनअटीची मदत मी तरी इतिहासात पाहिलेली नाही. पण अटी बघा कशा: इथलं ज्ञान गुप्त ठेवायचं नाही, संशोधनाची देवाणघेवाण मोकळी ठेवायची, इतरांच्या प्रशिक्षणासाठी दार उघडं ठेवायचं. मोनाझाइट मागणाऱ्यांच्या अटींशेजारी या अटी ठेवून बघा म्हणजे फरक कळेल. (अर्थात त्या काळात पेनिसिलिनही राजकारणातून सुटलेलं नव्हतं. पेनिसिलिन वेगळं काढायला लागणारी खास सेंट्रिफ्यूज यंत्रं अमेरिका पूर्व युरोपच्या कम्युनिस्ट देशांना देत नव्हती आणि त्यावरून आरोग्य संघटनेत मोठी भांडणं झाली.) युनिसेफच्याच मदतीने डीडीटीचा एक कारखाना दिल्लीला उभा राहिला आणि एक पाकिस्तानात नौशेराला. एकमेकांशी व्यापार न करणाऱ्या दोन शेजाऱ्यांना डास मारायची पावडर मात्र एकाच घरून मिळत होती.

हिंदुस्तान अँटिबायोटिक्सची नोंदणी झाली मार्च १९५४ मध्ये, उत्पादन १९५५ साली सुरू झालं. औषधं बनवणारी ही देशातली पहिली सरकारी कंपनी. एमआयडीसी अजून जन्माला यायची होती, ती १९६२ ची. टेल्को नंतरची, चाकण तर फारच नंतरचं. तेव्हा पिंपरी म्हणजे मुंबई-पुणे लोहमार्गावरचं एक गाव, शेजारून वाहणारी पवना, आणि निर्वासितांच्या बराकी. एका बाजूला फाळणीने उखडलेली माणसं, दुसऱ्या बाजूला परक्यांच्या पैशातून आलेल्या टाक्या आणि त्यात वाढणारी बुरशी. तेव्हाच्या अडचणीतल्या भारताचा नकाशा काढायला सांगितला तर मी एवढाच तुकडा काढीन.

पेनिसिलिनने काय केलं त्याचं एकच उदाहरण देतो. यॉज नावाचा एक रोग होता. कातडीवर व्रण, मग हाडं वाकडी. मुख्यतः जंगलातल्या आदिवासी मुलांना व्हायचा. आपल्याकडे चांदा-गडचिरोलीच्या बाजूला, शिवाय बस्तर, ओरिसा, आंध्रात. पेनिसिलिनच्या एका इंजेक्शनने बरा होणारा रोग! १९५२ पासून पुन्हा आरोग्य संघटना आणि युनिसेफच्या साहाय्याने मोहीम सुरू झाली. ती मध्ये रेंगाळली, १९९० च्या दशकात पुन्हा उचलली गेली. २००६ मध्ये भारताने यॉज संपल्याचं जाहीर केलं, २०१६ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने त्यावर शिक्का मारला. वर्तमानपत्रात ही बातमी कोपऱ्यात आली होती.

एचएचं पुढचं आयुष्य मात्र सरळ गेलं नाही. स्ट्रेप्टोमायसिनच्या वेळी मोकळ्या ज्ञानाचा मार्ग सोडून मर्क या अमेरिकन कंपनीशी करार करावा लागला. पुढच्या सरकारी औषध कारखान्यांसाठी, म्हणजे १९६१ च्या आयडीपीएलच्या ऋषिकेश आणि हैदराबादसाठी, रशिया आला. दोघांकडून घ्यायचं आणि दोघांनाही हो म्हणायचं नाही, हे आपण तोवर शिकलो होतो :)

१९९१ नंतर बाजार उघडला, स्वस्त चिनी माल आला. १९९७ मध्ये कंपनी आजारी ठरून बीआयएफआरकडे गेली. डिसेंबर २०१६ मध्ये मंत्रिमंडळाने तिची जास्तीची जमीन विकायला मंजुरी दिली. २०१९ मध्ये २८० कोटींचं कर्जरूपी साहाय्य मंजूर झालं, त्यातला मोठा भाग थकलेल्या पगारांसाठी होता. दरम्यान पेनिसिलिन-जी हा मूळ पदार्थ देशात बनेनासा झाला आणि आपण त्यासाठी चीनवर अवलंबून राहिलो. २०२० मध्ये कोविड आणि गलवान एकाच वर्षी आले तेव्हा सगळे जागे झाले. मग सरकारने प्रोत्साहन योजना आणली आणि २०२४ मध्ये आंध्रात काकीनाड्याजवळ एका खाजगी कंपनीच्या पेनिसिलिन-जी कारखान्याचं उद्घाटन झालं. जे १९५५ मध्ये पिंपरीत सुरू केलं होतं, ते पुन्हा पहिल्यापासून. मला याचा आनंद झाला की राग आला हे अजून ठरवता आलेलं नाही. जमीन विकून देणी भागवायची हा हिशेब कळतो. पण सत्तर वर्षांपूर्वी डॉलर नसताना सोखींना जे दिसलं, ते डॉलरचे साठे असताना कुणाला का दिसू नये?

असो. एक गोष्ट सांगायची राहिली. एचएच्या प्रयोगशाळेत डॉ. एम. जे. थिरुमलाचार आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६१ च्या सुमारास बुरशीविरुद्ध एक नवं औषध शोधलं. ते ज्या जंतूपासून मिळालं तो इथल्याच मातीत सापडला होता. औषधाला नाव दिलं हॅमायसिन, त्यातलं 'हॅ' हिंदुस्तान अँटिबायोटिक्सचं. आणि जंतूचं नाव ठेवलं स्ट्रेप्टोमायसिस पिंपरिना. आमच्या गावाचं नाव असं लॅटिनमध्ये जाऊन बसलं आहे, हे कॅम्पात कापड घ्यायला येणाऱ्या किती जणांना ठाऊक असेल? थिरुमलाचारांवर पुन्हा कधीतरी सविस्तर लिहीन.