दामाजीपंतांची कथा आणि बालवाचक

करमाळे तालुक्यातील जेऊर आणि दामाजीपंतांचे मंगळवेढे ही दोन्ही गावे सोलापूर जिल्ह्याच्या अवर्षणग्रस्त प्रदेशातील होत. जेऊरच्या शाळकरी मुलाकरिता दामाजीपंतांची कथा नव्याने लिहावयाची झाल्यास तीत काय राखावे व काय गाळावे, हा प्रश्न केवळ भाषेच्या सुलभतेचा नाही.

इ. स. १४६० च्या सुमाराचा दुष्काळ दख्खनमध्ये दामाजीपंतांच्या नावाने ओळखला जातो. त्यानंतर तीन शतकांनी, १७६२ साली, ताहाराबादच्या महिपतीने ‘भक्तविजया’त ही कथा ओवीबद्ध केली. पंत बेदरच्या बादशहाची कोठारे भुकेल्यांस खुली करतात. बातमी दरबारी पोचते. तेव्हा विठ्ठल महाराच्या रूपाने धान्याचे मोल भरून पावती घेतो. काळाचे हे अंतर पाहता यातील प्रत्येक प्रसंग इतिहास म्हणून स्वीकारता येणार नाही. लोकस्मृतीने काय जपले, हे मात्र त्यावरून कळते.

संक्षेप करताना चमत्कार सहसा टिकतो. धोका असतो तो इतर दोन गोष्टींना. पहिली गोष्ट कोठाराची. धान्य सरकारी होते व ते वाटणे हा अपराध होता, हे पंत जाणत होते. तो जाणतेपणा वगळला की उरतो केवळ एक दयाळू अधिकारी. बैलांच्या पाठीवरून धान्य येण्याच्या काळात बंद कोठाराचा अर्थ काय होता, हे मुलाला सांगितले पाहिजे. सोलापूरपर्यंत लोहमार्ग १८६० साली पोचला. तरीही १८७६-७८ च्या दुष्काळात माणसे मेली. कारण बाहेरून आलेले धान्य विकत घेण्याची ऐपत त्यांच्यापाशी नव्हती. १९८० साली पूर्ण झालेल्या उजनी धरणाचे पाणी पाहत वाढणाऱ्या मुलाला हे आपोआप उमगणार नाही.

दुसरी गोष्ट विठू महाराची. ‘महार’ या शब्दाच्या जागी ‘सेवक’ घालणे सोयीचे वाटते. पण गावचा वसूल खजिन्यापर्यंत पोचविणे हे महाराच्या वतनी कामांपैकी एक होते. म्हणूनच कथेतील हे रूप यादृच्छिक नव्हे. ज्याला देवळाच्या आत पाऊल टाकण्याची मुभा नव्हती, त्याचेच रूप देव घेतो, हा कथेचा गाभा होय. पंढरपूरचे मंदिर अस्पृश्यांना खुले व्हावे म्हणून, स्वतः मुलांसाठी विपुल लेखन करणाऱ्या साने गुरुजींना १९४७ साली उपोषण करावे लागले. बालवाचकाचे मन कोवळे असते म्हणून ‘महार’ हा शब्द गाळला, तर पंढरीच्या त्या बंद दाराचा इतिहासही त्याच्यापासून दडविला जातो. वाक्ये सोपी करावीत. प्रसंगातील अन्याय सौम्य करू नये.