शिंदे, सुशीलकुमार संभाजीराव

(४ सप्टेंबर १९४१ – ). काँग्रेसचे पुढारी, महाराष्ट्राचे माजी मुख्यमंत्री, माजी केंद्रीय ऊर्जा व गृहमंत्री. जन्म सोलापुरात, गरीब दलित कुटुंबात. तिथल्याच दयानंद महाविद्यालयातून बी. ए.; पुढे कायद्याची पदवी.

कोर्टाची पायरी मात्र ते पदवीच्या आधीच चढले होते. १९५७ ते १९६५ ही आठ वर्षे ते सोलापूरच्या सत्र न्यायालयात नोकरीला होते. ही नोकरी कुठे पट्टेवाल्याची, कुठे बेलिफाची म्हणून नोंदलेली आढळते. बेलीफ समन्स घेऊन दारोदार फिरतो, जप्तीचे वॉरंट बजावतो. पक्षकार सापडलाच नाही तर नोटीस दारावर डकवून येतो. वकिलाचा युक्तिवाद कितीही धारदार असो, बजावणी झाली नसेल तर दावा पुढे सरकत नाही, पुढची तारीख पडते. काळ्या कोटातून राजकारणात आलेल्यांची महाराष्ट्रात वाण नाही. कोर्टाची ही मागची बाजू पाहिलेले थोडेच.

त्यानंतर सहा वर्षे ते पोलीस उपनिरीक्षक होते. शरद पवारांच्या आग्रहाने १९७१ मध्ये त्यांनी खाकी उतरवली आणि १९७४ मध्ये करमाळ्याची पोटनिवडणूक जिंकून विधानसभेत आले. अर्थमंत्री म्हणून त्यांनी राज्याचे नऊ अर्थसंकल्प मांडले.

१९९२ मध्ये राज्यसभा. १९९८ व १९९९ मध्ये सोलापुरातून लोकसभा. मतदारसंघ तेव्हा राखीव नव्हता, तो २००९ मध्ये झाला. २००२ च्या उपराष्ट्रपतिपदाच्या निवडणुकीत भैरोसिंह शेखावतांना ४५४ आणि शिंद्यांना ३०५ मते पडली. जानेवारी २००३ ते नोव्हेंबर २००४ मुख्यमंत्री, मग आंध्र प्रदेशचे राज्यपाल. २००६ पासून ऊर्जामंत्री. ३० व ३१ जुलै २०१२ रोजी देशाच्या वीजजाळ्याने मान टाकली आणि निम्मा देश अंधारात असतानाच त्यांच्याकडे गृहखाते आल्याची बातमी झळकली.

विधिकार्य म्हणून पाहण्याजोगा काळ हाच. दिल्लीतील डिसेंबर २०१२ च्या सामूहिक बलात्कारानंतर नेमलेल्या न्या. वर्मा समितीने महिनाभरात अहवाल दिला. त्यातल्या काही शिफारशी घेऊन, काही बाजूला ठेवून फौजदारी कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक शिंद्यांनी संसदेत नेले. संमतीचे वय सोळा करण्याचा प्रस्ताव विरोधामुळे मागे पडला, अठराच राहिले. ॲसिडहल्ला आणि पाठलाग हे वेगळे गुन्हे झाले. तेव्हाच्या भारतीय दंड संहितेतील कलम १६६-अ ची चर्चा त्या मानाने कमी झाली: लैंगिक अत्याचाराची फिर्याद नोंदवून न घेणाऱ्या पोलिसाला सहा महिने ते दोन वर्षे सक्तमजुरी. पोलीस उपनिरीक्षक राहिलेल्या माणसाच्या हातून हे कलम सभागृहात यावे, याची दखल चरित्रकारांनी फारशी घेतलेली नाही.

त्यांच्याच गृहमंत्रिपदाच्या काळात मुंबई हल्ल्यातील अजमल कसाबला २१ नोव्हेंबर २०१२ रोजी, संसद हल्ल्यातील अफझल गुरूला ९ फेब्रुवारी २०१३ रोजी फाशी झाली. गुरूच्या कुटुंबाला ती कळवणारे स्पीड पोस्टचे पत्र काश्मीरमध्ये पोहोचले ते ११ तारखेला. बेलिफाच्या वहीत याला ‘बजावणी’ म्हटले नसते. जानेवारी २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शत्रुघ्न चौहान खटल्यात कुटुंबाला आधी कळवणे आणि चौदा दिवसांची मुदत देणे बंधनकारक केले.

१३ फेब्रुवारी २०१४ रोजी तेलंगणाचे विधेयक त्यांनी मांडले, तेव्हा एका खासदाराने सभागृहात मिरपुडीचा फवारा मारला. १८ तारखेला ते लोकसभेत मंजूर झाले. त्या वेळी सभागृहाचे थेट प्रक्षेपण बंद होते.

जयपूरमध्ये त्यांनी केलेल्या ‘भगव्या दहशतवादा’च्या विधानावरून (जानेवारी २०१३) वाद झाला, पुढे त्यांनी खेद व्यक्त केला.

२०१४ मध्ये शरद बनसोडे या वकिलाकडून आणि २०१९ मध्ये जयसिद्धेश्वर स्वामींकडून पराभव. २०२४ मध्ये कन्या प्रणिती सोलापूरच्या खासदार झाल्या. त्याही कायद्याच्या पदवीधर.