शकुंतलेचा करार आणि त्रयस्थ माणूस



आजचा विषय आहे सरकारी कंत्राटांची माहिती आणि ती मागण्याचा आपला हक्क. पण सुरुवात शकुंतलेपासून करतो. कालिदासाची नव्हे, आपली. मूर्तिजापूरहून कारंजा, दारव्हा करत यवतमाळला जाणारी. लहानपणी मी तिच्यातून गेलोय, डोळ्यांत कोळशाचे कण घेऊन. मँचेस्टरला १९२१ साली बनलेलं तिचं वाफेचं इंजिन एप्रिल १९९४ पर्यंत या रुळांवर होतं, मग डिझेल आलं. आता रूळ आहेत, गाडी नाही.

ही गाडी कोणाची, असं विचारलं की गावात एकच उत्तर मिळायचं : 'इंग्रजांची. अजून भाडं जातं त्यांना.' हे अर्धं खरं. किलिक निक्सन या कंपनीने सेंट्रल प्रॉव्हिन्सेस रेल्वे कंपनी काढली आणि वऱ्हाडचा कापूस मुंबईच्या वाटेला लावण्यासाठी हा मार्ग उभा केला. १९१३च्या करारानुसार मार्ग कंपनीचा राहिला आणि गाड्या चालवण्याचं काम जी.आय.पी. रेल्वेकडे गेलं. कराराला दर दहा वर्षांनी मुदतवाढ मिळत राहिली. स्वातंत्र्यानंतर देशातल्या रेल्वे सरकारच्या ताब्यात आल्या, ही मात्र राहून गेली. मध्य रेल्वे गाड्या चालवायची आणि कंपनीला मोबदला द्यायचा, हा व्यवहार पुढेही चालू राहिला. पण कंपनीची मालकी कित्येक दशकांपूर्वीच भारतीयांकडे आली होती. म्हणजे पैसे लंडनच्या राणीला जात नव्हते!

मग ही दंतकथा एवढी टिकली कशी? कारण करार कोणी वाचलाच नव्हता. कागद दिसत नाही तिथे अफवा उगवते. आपण गावकऱ्यांना भोळे म्हणतो. पण ज्याच्या हाती कागदच दिला नाही, त्याला भोळा म्हणण्याचा अधिकार कोणाला?

त्या कराराला दोन बाजू होत्या, सरकार आणि कंपनी. ज्याच्या शेतातला कापूस वाहून न्यायचा, जो तिकीट काढून बसायचा, तो कारंज्याचा माणूस कुठे होता? तो त्रयस्थ होता. त्याला विचारायचं नाही आणि सांगायचंही नाही. पुढे दहाच वर्षांनी, १९२३ साली, शासकीय गुपितांचा कायदा आला आणि न सांगण्याच्या सवयीला कायद्याचं पाठबळ मिळालं.

मी आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलं, म्हणून एकच नाव घेतो. इमॅन्युएल कान्ट यांनी १७९५ साली एक कसोटी सांगितली. तिचा मथितार्थ असा : दुसऱ्याच्या हक्कांशी संबंधित कृती ज्या तत्त्वावर केली, ते तत्त्व उघड सांगताच ती कृती फसणार असेल, तर ती अन्यायाची समजावी. आपल्याकडे हीच गोष्ट न्यायालयाच्या भाषेत १९७५ साली आली. राज नारायण खटल्यात सर्वोच्च न्यायालय म्हणालं की सार्वजनिक सेवकांनी सार्वजनिकरीत्या केलेली प्रत्येक कृती जाणून घेण्याचा लोकांना हक्क आहे. पण निकालातला हक्क तहसील कचेरीत चालत नाही. तो चालवला लोकांनी. राजस्थानात मजूर किसान शक्ती संघटनेने रोजगाराच्या कामांची हजेरीपत्रकं आणि बिलं गावासमोर मोठ्याने वाचून दाखवली. महाराष्ट्रात अण्णा हजारे यांच्या आंदोलनांनंतर २००२चा राज्याचा कायदा आला. मग देशाचा कायदा १२ ऑक्टोबर २००५ पासून पूर्णपणे लागू झाला.

त्यात माहितीच्या व्याख्येतच 'करार' हा शब्द आहे. कामाची पाहणी करता येते, वापरलेल्या मालाचा प्रमाणित नमुनाही घेता येतो. अर्ज का केला, हे सांगावं लागत नाही. १९२३च्या कायद्याशी विसंगती आली तर हा कायदा वरचढ ठरतो. आणि कलम ८(३) पाहा. वीस वर्षांपूर्वीच्या घटनेची माहिती मोजके अपवाद सोडून द्यावीच लागते. म्हणजे १९१३चा करार 'व्यापारी गुपित' म्हणून कपाटात ठेवता येणार नाही.

आता स्वतःचा अनुभव. आमच्या घरासमोरचा सिमेंटचा रस्ता पहिल्याच पावसाळ्यात उखडला. मी दहा रुपयांचं तिकीट लावून एका कार्यालयात अर्ज केला. अंदाजपत्रक, कार्यारंभ आदेश, मोजमाप पुस्तिका, देयकं एवढंच मागितलं. उत्तर आलं : 'माहिती त्रयस्थ पक्षाची असून कंत्राटदाराची हरकत आहे.'

मी दोनदा वाचलं. त्रयस्थ पक्ष! १९१३ला आपण त्रयस्थ होतो, आता कायद्याच्या भाषेत कंत्राटदार त्रयस्थ आहे. शब्द तोच, पण माणसं जागा बदलून बसली. करार लोकांच्या पैशाने होतो, लोकांच्या नावाने होतो, म्हणून लोक त्यात पक्षकार आहेत, हे या कायद्याने न बोलता मान्य केलं. साहेबांना ते अजून कळलं नव्हतं. कलम ११ मध्ये त्रयस्थाचं म्हणणं ऐकायचं असतं, पण ऐकणं म्हणजे मानणं नव्हे. मंजूर दर आणि झालेलं मोजमाप हे काही कोणाचं गुपित नाही.

पहिल्या अपिलात कागद मिळाले. दोषदायित्वाचा कालावधी अजून संपलेला नव्हता, म्हणजे दुरुस्ती कंत्राटदाराच्याच खर्चाने व्हायला हवी होती. अर्धा रस्ता दुरुस्त झाला. उरलेल्या अर्ध्यासाठी मी दुसरा अर्ज केला आहे. वय झालं, पण घाई नाही. शकुंतलेत बसून वाढलेला माणूस आहे मी!

खरं तर अर्जाची वेळच येऊ नये. कायद्याचं कलम ४ सांगतं की बरीचशी माहिती कार्यालयाने आपणहून जाहीर करायची. केंद्र सरकारने एप्रिल २०१३ मध्ये आपल्या कार्यालयांना तसं स्पष्ट लिहून कळवलं. खरेदी आणि निविदांच्या बाबतीत काम कोणाला दिलं, कोणत्या दराने, एकूण किती रकमेला, हे मागितल्याशिवाय सांगायचं.

शकुंतलेचे रूळ आज ना उद्या रुंद होतील, अशी आशा आपण किती वर्षं करतोय. होतील तेव्हा नवं कंत्राट निघेल. माझी एकच विनंती आहे. आपल्या आजोबांनी गाडी पाहिली, करार पाहिला नाही. तुम्ही आधी करार पाहा, मग गाडीत बसा.