आभाळाला डोळे

साल 1964. क्योतोजवळचं विमानांचं एक जुनं, वापरात नसलेलं हँगर. बाहेर दमट उन्हाळा आहे असं धरू, कारण आत शिरलात की ऋतूच पालटतो. पायाखाली बर्फ आहे. चिमूटभर उचललात तर वितळत नाही, बोटांना चिकटून बसतो. समोर झाडं, आणि झाडांमागे थेट छतापर्यंत चढत गेलेलं आभाळ. तेही रंगवलेलं.

परांचीवर एक रंगारी बसलाय. ढगाच्या जागी तो डोळा काढतोय. पापणीची एक रेघ ओढायची तर त्याला चार पावलं सरकावं लागतं.

हा 'क्वाइदान'चा सेट. लाफ्काडिओ हर्नच्या चार भुताच्या गोष्टी, दिग्दर्शक मासाकी कोबायाशी, कला दिग्दर्शक शिगेमासा तोदा. दोघांनी दोन वर्षांपूर्वी 'हाराकिरी' केला, तो कृष्णधवल होता. कोबायाशींचा हा पहिलाच रंगीत चित्रपट, आणि सेट इतके अवाढव्य की स्टुडिओत मावेनात, म्हणून हे हँगर.

जपानात डोंगर आणि बर्फ काय कमी आहे? पण खऱ्या आभाळाला गोष्टीशी देणंघेणं नसतं. तोदांचं आभाळ साक्षीदार आहे. हिमवादळात लाकूडतोड्या मिनोकिचीला हिमस्त्री जिवंत सोडते ती एका अटीवर: पाहिलंस ते कुणाला सांगायचं नाही. पुढे तो लग्न करतो, संसारात रमतो, अट विसरतो. आभाळ विसरत नाही. भुताने दाराआड दबा धरून बसण्यापेक्षा हे मला कितीतरी भयंकर वाटतं.

झोपडीच्या उंबऱ्याशी वाका. मिनोकिचीने बायकोसाठी वळलेल्या वहाणा. पट्टे तेवढे लाल. एका रात्री, ती शिवत बसलेली असताना, तो तिलाच ती जुनी गोष्ट सांगून बसणार आहे. झोपडीतला उबदार उजेड निळा पडेल आणि बायको कोण ते त्याला कळेल. ती गेल्यावर तो वहाणा बर्फात ठेवेल, आणि त्या बघता बघता नाहीशा होतील. एवढंच. किंकाळी नाही, रक्त नाही.

दुसऱ्या एका गोष्टीत आंधळ्या होइचीच्या अंगभर मंत्र लिहिलाय, पापण्यांवरसुद्धा. प्रज्ञापारमिताहृदय सूत्र, मूळ आपल्या संस्कृतातलं, इथे चिनी अक्षरांत. कान मात्र राहून गेलेत. ज्यांनी गोष्ट वाचलीय त्यांचं लक्ष आधी तिकडेच जाणार.

आणि हे सगळं कुणाच्या पैशावर? 'निन्जिन क्लब'च्या. निन्जिन म्हणजे गाजर. बडे स्टुडिओ कलाकारांना करारात जखडून ठेवत, तेव्हा 1954 साली तीन अभिनेत्रींनी मिळून ही संस्था काढली: केइको किशी, योशिको कुगा आणि इनेको आरिमा. यातल्या किशीच इथे हिमस्त्री झाल्यात. निर्माते शिगेरू वाकात्सुकी. कोबायाशींचा साडेनऊ तासांचा 'द ह्यूमन कंडिशन' त्यांनीच उभा केला होता, तेव्हा पोटात धाडस होतंच. पण आभाळ विकत घ्यायचं तर बजेट कुठवर पुरणार?

तुम्ही पुढच्या काळातून आलायत, तुम्हाला सगळं ठाऊक आहे. 1965 मध्ये कान चित्रपट महोत्सवात ज्युरींचं विशेष पारितोषिक मिळेल, ऑस्करचं नामांकनही. तोदा पुढे दिग्दर्शक ओशिमांबरोबर काम करतील, थेट 1983 च्या 'मेरी ख्रिसमस, मिस्टर लॉरेन्स'पर्यंत. अमेरिकेत लांबी कमी करण्यासाठी नेमका हिमस्त्रीचा भाग कापला जाईल. म्हणजे हा बर्फ, ह्या वहाणा, हा डोळा. आणि निन्जिन क्लब ह्या चित्रपटापायी दिवाळखोरीत जाईल.

कुणाला तरी सांगावं असं वाटतं. निदान हिशेबाची वही घेऊन जाणाऱ्या त्या पोराला. तुम्ही तोंड उघडता आणि सहज वर बघता.

रंगारी परांचीवरून उतरलाय. बुबुळ पुरं झालंय, रंग अजून ओला आहे.

तुम्ही गप्प बसता.