डब्यात न मावलेलं सफरचंद

म्यूझलीचं कुठलंही पाकीट उलटं करून मागची यादी वाचा. पहिल्या क्रमांकावर ओट्स. मग गव्हाचे किंवा मक्याचे पोहे, साखर किंवा मध, मनुका, बदामाचे काप. सफरचंद असलंच तर पार खाली, वाळवलेल्या तुकड्यांच्या रूपात.

आता याच पदार्थाची मूळ कृती बघा. एक मोठा चमचा ओट्स, तीन चमचे पाण्यात रात्रभर भिजवलेले. एक चमचा लिंबाचा रस. एक चमचा गोड कंडेन्स्ड मिल्क. एक चमचा कुटलेले हेझलनट किंवा बदाम. आणि सुमारे २०० ग्रॅम कच्चं सफरचंद, सालीसकट, गाभ्यासकट, अगदी खायच्या वेळी किसलेलं.

म्हणजे हा ओट्सचा पदार्थ नव्हताच. तो कच्च्या सफरचंदाचा गर होता, ओट्स त्यात चवीपुरते. तो बनवणाऱ्या डॉक्टरनं त्याला नाव दिलं होतं, ‘सफरचंदाचं पथ्य’. लोकांनी त्याला म्हटलं म्यूझली. जर्मनमध्ये घोटलेल्या गराला ‘मूस’ म्हणतात, आपल्याला ॲपलसॉस म्हणून माहीत असलेला पदार्थ तिकडे ‘आप्फेलमूस’. या ‘मूस’चं स्विस बोलीतलं लाडकं, छोटं रूप म्हणजे म्यूझली. आज जगभरच्या पाकिटांवर हे नाव आहे आणि आतून गरच गायब आहे. तो कुठे गेला, याची ही गोष्ट.

कच्च्याची भीती

सफरचंद न शिजवता खाण्यात काय एवढं, असं आज वाटेल. पण युरोपात ते कित्येक शतकं धाडसाचं काम होतं. गॅलन या ग्रीक वैद्याच्या परंपरेत कच्ची फळं थंड आणि ओली मानली जात. ती पोटात सडतात आणि ताप आणतात, असा समज होता. आपल्याकडे ‘बाधेल’ म्हणतात ना, तसंच. त्यावरचा त्यांचा उपाय म्हणजे विस्तव. इंग्लंडचा राजा दुसरा रिचर्ड याच्या स्वयंपाक्यांनी १३९० च्या सुमारास लिहिलेल्या पाककृतींच्या संग्रहातही सफरचंदाचा गर आहे. त्यात सफरचंद आधी शिजवायचं, मग गाळायचं, आणि मग बदामाचं दूध, मध, तांदळाचं पीठ घालून पुन्हा आटवायचं. कच्चं काही उरू द्यायचं नाही.

आपण आंब्याच्या बाबतीत वेगळी वाट धरली. आमरस बाधू नये म्हणून वर तूप सोडलं, सुंठ किंवा मिरपूड घातली, पण रस चुलीवर चढवला नाही. ताज्या फळाचा न शिजवलेला गर, ताटात पडल्या पडल्या खायचा, ही कल्पना मराठी घराला समजावून सांगावी लागत नाही. झुरिकच्या डॉक्टरांना मात्र ती सांगावी लागली आणि ती सांगणाऱ्याची चेष्टा झाली.

झुरिकचा डॉक्टर

माक्सिमिलियन बिर्खर-बेनर यांचा जन्म १८६७ चा, आराऊ गावचा. १८९१ मध्ये त्यांनी झुरिकच्या कामगार वस्तीत दवाखाना टाकला. काही वर्षांनी त्यांना कावीळ झाली, अन्न जाईना, आणि बायकोनं भरवलेल्या कच्च्या सफरचंदाच्या फोडींनी ते बरे झाले, अशी कथा सांगितली जाते. पुढे पोटाच्या विकारानं खंगलेल्या एका बाईंना त्यांनी कच्च्या अन्नावर ठेवलं आणि त्या सुधारल्या.

जानेवारी १९०० मध्ये त्यांनी हे सगळं झुरिकच्या डॉक्टरांच्या सभेपुढे मांडलं. तेव्हाच्या आहारशास्त्रावर मांसाचं राज्य होतं. जर्मन शास्त्रज्ञ कार्ल फॉइट यांच्या हिशेबानं कष्टकरी माणसाला दिवसाला ११८ ग्रॅम प्रथिनं हवीत. फळं म्हणजे जवळपास नुसतं पाणी. अशा सभेत कच्च्या फळांनी रोगी बरे होतात म्हणणाऱ्याला काय ऐकून घ्यावं लागलं असेल? सभेच्या अध्यक्षांनी सांगितलं, या गृहस्थांनी विज्ञानाची हद्द ओलांडली आहे.

अध्यक्षांचं अगदीच चुकलं होतं असंही नाही. बिर्खर-बेनर यांचा सिद्धान्त असा, की अन्न म्हणजे साठवलेला सूर्यप्रकाश. झाडात तो सर्वांत जास्त, शिजवलं की कमी होतो, आणि मांसात तर उरलासुरलाच. हा सिद्धान्त टिकला नाही. पण त्यांनी वाढलेलं ताट टिकलं. १९१२ मध्ये ‘व्हिटॅमिन’ हा शब्द जन्माला आला, पुढच्या वीस वर्षांत क जीवनसत्त्व वेगळं काढून ओळखता आलं, आणि ताज्या फळभाज्यांत काहीतरी आहे जे उष्णतेनं जातं, हे प्रयोगशाळेनंच मान्य केलं.

१९०४ मध्ये त्यांनी झुरिकच्या डोंगरावर मोठं आरोग्यधाम काढलं. पहाटे उठायचं, फिरायला जायचं, लवकर झोपायचं. दारू, तंबाखू, कॉफी बंद. १९०९ मध्ये कादंबरीकार थोमास मान तिथे राहून गेले आणि त्यांनी त्या जागेला आरोग्याचा तुरुंग म्हटलं. या तुरुंगात किसलेल्या सफरचंदाची वाटी रोज ठरलेली. आल्प्समध्ये भटकताना एका गुराख्याकडे असंच काही खाल्लं, त्यावरून ती सुचली, असं डॉक्टर सांगत. कंडेन्स्ड मिल्कमागेही कारण होतं. त्या काळी कच्च्या दुधातून क्षयाचे जंतू पोटात जात, डबाबंद दूध सुरक्षित.

किसणी आणि घड्याळ

‘खायच्या वेळीच किसा’ हा या कृतीचा कणा आहे. सफरचंदाच्या पेशीत दोन गोष्टी वेगवेगळ्या कप्प्यांत असतात. एकीकडे फिनॉल नावाची द्रव्यं, दुसरीकडे त्यांच्यावर काम करणारं विकर. किसणीचे दात हे कप्पे फाडतात, हवेतला ऑक्सिजन येऊन मिळतो आणि काही मिनिटांत पांढराशुभ्र कीस तपकिरी पडतो. शिजवलेल्या गराला ही भीती नाही, कारण उष्णतेनं ते विकर मरतं. कच्च्या गरासाठी एकच थोडाफार उपाय, लिंबू. त्याच्या आंबटपणानं विकर मंदावतं आणि त्यातलं क जीवनसत्त्व रंग बदलण्याची क्रिया थोडी मागे रेटतं. पण हे थांबवणं नाही, घटकाभर लांबवणं आहे.

१९२९

कच्च्या सफरचंदाची सर्वांत मोठी परीक्षा आरोग्यधामात नाही, लहान मुलांच्या इस्पितळात झाली. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला जुलाबानं तान्ही मुलं दगावणं युरोपातही रोजचं होतं. हायडेलबर्गचे बालरोगतज्ज्ञ एर्न्स्ट मोरो (दचकल्यावर बाळ हात फेकतं, त्या ‘मोरो रिफ्लेक्स’मधले मोरो) यांनी १९०८ मध्ये अशा मुलांसाठी मीठ घातलेलं गाजराचं सूप सुरू केलं होतं. ते पुष्कळ वेळ उकळायचं. १९२९ मध्ये त्यांनी उलटा मार्ग सांगितला. ब्लॅक फॉरेस्टमधल्या ऑगुस्ट हाइस्लर या डॉक्टरच्या अनुभवावरून त्यांनी लिहिलं, की जुलाब होणाऱ्या मुलाला दोन दिवस फक्त किसलेलं कच्चं सफरचंद द्या, दुसरं काही नाही. मुलं ते आवडीनं खात आणि शौच घट्ट होई. पुढच्या काही वर्षांत अमेरिकेतल्या डॉक्टरांनीही हे करून पाहिलं.

त्याच १९२९ मध्ये कच्च्या अन्नाचा आणखी एक प्रयोग चालू होता, भारतात. आडोल्फ युस्ट, लुई कुने यांची निसर्गोपचाराची जर्मन पुस्तकं गांधीजींनी दक्षिण आफ्रिकेतच वाचली होती. जी लाट झुरिकला होती, तिचंच पाणी इथवर आलं होतं. मोड आलेले गहू, वाटलेले बदाम, कुटलेला पाला, लिंबू, मध अशा न शिजवलेल्या आहारावर ते काही महिने राहिले, ‘यंग इंडिया’त त्याची तोळ्यांमापांसकट माहिती दिली. ऑगस्टमध्ये त्यांना आव झाली आणि प्रयोग सोडून शेळीच्या दुधावर यावं लागलं. निसर्गोपचारावरची श्रद्धा मात्र त्यांनी सोडली नाही. १९४६ मध्ये पुण्याजवळ उरुळी कांचनला आश्रम निघाला तो त्यातूनच.

एकाच वर्षी एका ठिकाणी कच्च्या अन्नानं पोट सावरत होतं आणि दुसरीकडे कच्च्या आहारावरच्या माणसाचं पोट बिघडलं होतं. कारण ‘कच्चं’ ही एक वस्तूच नाही. सफरचंदात पेक्टिन भरपूर असतं, ते पाणी धरून ठेवतं, म्हणून शौच घट्ट होतं. मोडाचे गहू आणि पाला यांची गत निराळी. शिवाय कच्चं खायचं तर ते धुणारं पाणी आणि वाटणारे हात स्वच्छ हवेत, कारण जंतू मारायला विस्तव नसतो. बिर्खर-बेनर यांना वाटलं, गुण कच्चेपणात आहे. तो सफरचंदात होता.

आणि सफरचंदाचीही एक मर्यादा होती. जुलाबात मूल मरतं ते शौच पातळ असल्यानं नाही, अंगातलं पाणी आणि क्षार निघून गेल्यानं. ते भरून काढायला साखर, मीठ आणि पाणी पुरतं, हे १९७१ मध्ये बांगलादेशी निर्वासितांच्या बनगावच्या छावणीत डॉ. दिलीप महालनबीस यांनी दाखवलं. सलाईन संपत आलेल्या त्या छावणीत हे पाणी पाजून त्यांनी मृत्यूचं प्रमाण तीसच्या घरातून चार टक्क्यांच्या खाली आणलं. सफरचंदाची इस्पितळातली नोकरी तिथे संपली. आजही मुलाला जुलाब झाले तर आधी ओआरएस, मग बाकी सगळं.

पाकिटात काय राहतं

इस्पितळातून फळ बाहेर पडलं ते विज्ञानामुळे, त्याबद्दल तक्रार नाही. न्याहारीच्या वाटीतून ते गेलं त्याचं कारण वेगळं. दुसऱ्या महायुद्धानंतर म्यूझली तयार मिश्रण म्हणून विकली जाऊ लागली, तेव्हा कृतीतल्या एकेका जिनसाची जणू मुलाखत झाली. ओट्स वर्षभर टिकतात, आत या. सुकामेवा टिकतो, आत या. किसलेलं सफरचंद? दहा मिनिटं. दोनशे ग्रॅम फळाचा पदार्थ कोरड्या धान्याचा झाला तो कुणी ठरवून नाही, केवळ फडताळावर काय उभं राहू शकतं त्यावरून. साखर वाढली ती त्यानंतर, कारण फळाचा गोडवा कुठून तरी आणायला हवा होता. ज्या डॉक्टरचा सगळा जोर ताजेपणावर होता, त्याचाच पदार्थ टिकाऊपणाचा नमुना म्हणून विकला जातो.

बाटलीतल्या ॲपलसॉसचंही तेच. तो शिजवलेला असतो, कारण न शिजवलेला दुकानापर्यंत पोचूच शकत नाही. कच्चा गर विकत मिळत नाही. तो फक्त करता येतो.

करायला फार काही लागत नाही. सफरचंद कडक, रसरशीत घ्यावं. शीतगृहातून आलेलं पिठूळ निघालं तर कीस भुशासारखा लागतो. नीट धुऊन साल ठेवावी, पण गाभा आणि बिया काढाव्यात. दोन-चार बियांनी काही होत नाही, तरी त्या फुटल्या की किंचित सायनाइड सुटतं आणि कडूही लागतं, एवढ्या बाबतीत डॉक्टरांचं ऐकू नये. मिक्सर नको, पाती हवा घुसळतात, फेस येतो आणि गर लवकर काळवंडतो. आपली बारीक भोकांची किसणीच बरी. वाटीत आधी लिंबाचा रस पिळावा, त्यातच सफरचंद किसावं, मध्ये मध्ये ढवळावं. गोड फळाला चिमूटभर मीठ, आंबट फळाला थोडा मध. हवे तर रात्री भिजवलेले ओट्स, पण एकच चमचा.

आणि फोटो काढायचा असेल तर पटकन काढावा.