मद्रासेतील दोन शिवाजी

नावांची अशी चमत्कारिक अदलाबदल इतिहासाच्या दप्तरात विरळाच आढळावी. सी. एन. अण्णादुराई यांच्या नाटकात छत्रपतींची भूमिका वठविल्याबद्दल व्ही. सी. गणेशन या तमिळ नटास पेरियारांनी १९४० च्या दशकात 'शिवाजी' हे बिरुद बहाल केले. आणि बंगळुरातील मराठी कुटुंबात १९५० साली जन्मलेला, बस-कंडक्टरची नोकरी सोडून अभिनय शिकण्यास मद्रासेत आलेला शिवाजीराव गायकवाड जेव्हा दिग्दर्शक के. बालचंदर यांच्या नजरेत भरला, तेव्हा त्याचे ते जन्मसिद्ध नाव दुसऱ्याच्या खाती जमा झालेले होते. बालचंदरांनी आपल्याच 'मेजर चंद्रकांत'मधील एका पात्राचे नाव त्यास दिले : रजनीकांत.

१९७५ च्या 'अपूर्व रागंगळ'मध्ये तो प्रथम दिसतो तो फाटकाची दोन्ही दारे ढकलून आत येताना. दाढी वाढलेली, आणि हे भैरवीचे घर ना, एवढीच पृच्छा. भूमिका घटकाभराची, पण ते फाटक पुन्हा मिटले नाही. 'बाशा'ने (१९९५) त्यास दैवतपण दिले, 'मुत्तू'ने जपानात प्रेक्षक मिळविले. तथापि महेंद्रन यांच्या 'मुळ्ळुम मलरुम'मधील (१९७८) हात गमावलेला, हट्टी, बहिणीवर जीव टाकणारा काळी मला या साऱ्या जयघोषाहून श्रेष्ठ वाटतो. पुढे फाळके पुरस्कारही आला.

मद्रासचे चेन्नई झाल्यावर, २००७ साली, एव्हीएमने त्याला घेऊन चित्रपट काढला. त्याचे नाव 'शिवाजी'.